एका टीव्हीसमोर किती माणसं?

काही निवडक घरांत टीव्हीला एक छोटी पेटी जोडलेली असते. सोबत रिमोटसारखं एक यंत्र आणि त्यावर घरातल्या प्रत्येकाचं एकेक बटण. टीव्हीसमोर बसलं की आपलं बटण दाबायचं, उठलं की पुन्हा दाबायचं. आजी बसल्या, सून उठली, नातू आला, सगळ्याची नोंद. त्या नोंदींवरून टीआरपी निघतो, टीआरपीवर जाहिरातींचे दर ठरतात आणि त्या दरांवर एखादी मालिका पाच वर्षं चालते किंवा तीन महिन्यांत गाशा गुंडाळते. संचासमोर नेमकी किती माणसं बसलीत, हा आज निव्वळ व्यापाराचा प्रश्न आहे. देशात टीव्ही आला तेव्हाही लोक हेच मोजत होते, पण त्यांचा हिशेब वेगळा होता.

१५ सप्टेंबर १९५९ रोजी दिल्लीत आकाशवाणीच्या छत्राखाली टीव्हीचं प्रायोगिक प्रक्षेपण सुरू झालं. युनेस्कोची मदत मिळाली म्हणून ते जमलं. धान्य बाहेरून आणावं लागणाऱ्या देशाने ही चैन करावी का, अशी शंका सरकारातही होतीच. त्यावर काढलेला तोडगा असा, की संच कुणाच्या दिवाणखान्यात जाऊच द्यायचा नाही. दिल्ली परिसरात ‘टेलिक्लब’ काढले गेले. आठवड्यातून दोनदा वस्तीतल्या लोकांनी जमायचं, आरोग्य, रहदारीचे नियम, नागरिकांची कर्तव्यं अशा विषयांवरचे कार्यक्रम पाहायचे आणि मग त्यावर बोलायचं. हे ‘मग बोलायचं’ महत्त्वाचं होतं. कार्यक्रम हे चर्चेला निमित्त. आपल्या पु. ल. देशपांड्यांनीही त्या बाल्यावस्थेतल्या दिल्ली केंद्रावर काम केलं आणि पंडित नेहरूंची टीव्हीसाठी मुलाखत घेतली. पुढे १९६१ मध्ये दिल्लीतल्या शाळांसाठी प्रक्षेपण सुरू झालं आणि २६ जानेवारी १९६७ पासून आसपासच्या ८० गावांसाठी ‘कृषी दर्शन’. तोवर देशात दुसरं टीव्ही केंद्रच नव्हतं.

याच काळात विक्रम साराभाई एक उलटी कल्पना मांडत होते. जमिनीवर मनोरे उभारत गेलो तर टीव्ही आधी मुंबई-कोलकात्याला जाईल, मग जिल्ह्याच्या गावी, आणि खेड्यात पोहोचेल तेव्हा एक पिढी उलटलेली असेल. उपग्रहाला मात्र शहर आणि खेडं सारखंच. मग सुरुवात खेड्यापासूनच का करू नये? १९६९ मध्ये अणुऊर्जा खातं आणि नासा यांच्यात करार झाला. १९७१ च्या डिसेंबरात साराभाई गेले, पण प्रयोग थांबला नाही. १ ऑगस्ट १९७५ ते ३१ जुलै १९७६ असं एक वर्ष अमेरिकेचा एटीएस-६ हा उपग्रह भारताला वापरायला मिळाला. या प्रयोगाचं नाव ‘साइट’. त्याच्या कार्यक्रमाची धुरा एकनाथ वसंत चिटणीस या मराठी शास्त्रज्ञाकडे होती.

आंध्र प्रदेश, बिहार, कर्नाटक, मध्य प्रदेश, ओडिशा आणि राजस्थान या सहा राज्यांतली सुमारे २,४०० गावं निवडली गेली, तीही मुद्दाम मागासलेल्या भागांतली. महाराष्ट्र त्यात नव्हता. शाळेच्या किंवा पंचायतीच्या आवारात दहा फूट व्यासाची अँटेना उभी राहायची, आणि ती कशाची? कोंबड्यांच्या खुराड्याला लावतात त्या जाळीची. स्वस्त, हलकी, वाऱ्याला आडवी न येणारी. वीज नसेल तिथे संच बॅटरीवर. सकाळी शाळकरी मुलांसाठी कार्यक्रम, संध्याकाळी मोठ्यांसाठी शेती, आरोग्य, कुटुंबनियोजन आणि थोडी करमणूक. पहिल्या दिवसांत जत्रा लोटली. ती ओसरल्यावरही एकेका संचासमोर शंभरेक माणसं बसत. अभ्यासक वह्या घेऊन मागे बसलेले असत. कोण आलं, कोण उठून गेलं, कुणाला काय आठवतं, हे लिहून घेत. आजच्या बटणाच्या पेटीचे पूर्वज म्हणायचे तर हेच. फरक इतकाच, की त्यांना काही विकायचं नव्हतं.

वर्ष संपलं आणि ठरल्याप्रमाणे अमेरिकेने उपग्रह परत हलवला. बहुतेक गावांतले पडदे काळे झाले. गुजरातेत खेडा जिल्ह्यात पीज गावच्या छोट्या प्रक्षेपकावरून हे काम आणखी काही वर्षं चाललं. तिथे गावकऱ्यांनाच घेऊन, त्यांच्याच बोलीत, सावकारी, मजुरी, जातीभेद अशा विषयांवर कार्यक्रम होत. ऐंशीच्या दशकाच्या मध्यावर तेही बंद पडलं. माझ्या मते आपल्या टीव्हीच्या इतिहासातलं हे सर्वांत मोठं सुटलेलं टोक आहे. पण त्याची हळहळ वाटावी इतकीही त्याची आठवण कुणाला उरलेली नाही.

आता मुंबई. २ ऑक्टोबर १९७२ ला वरळीहून प्रक्षेपण सुरू झालं आणि वर्षभरात सिंहगडावर सहप्रक्षेपक बसला, तेव्हा पुण्यालाही चित्र दिसू लागलं. उरलेला महाराष्ट्र आणखी दहा-बारा वर्षं टीव्हीविना राहिला. मराठवाड्यातला माणूस मुंबईच्या पाहुण्याकडून टीव्हीच्या गोष्टी ऐकायचा, बस. म्हणजे साराभाईंना जी भीती होती, नेमकं तेच आपल्याकडे झालं.

मुंबईत टेलिक्लब कुणी काढला नाही. गरजच नव्हती, चाळ होती. मजल्यावर एखाद्याच बिऱ्हाडात संच असे. लाकडी पेटी, पुढे सरकती दारं, त्यावर क्रोशाचा रुमाल आणि रुमालावर फुलदाणी. शनिवारी संध्याकाळी मराठी सिनेमा असला की दाराबाहेर चपलांचा ढीग पडे. पोरं जमिनीवर पुढे, बायका पलंगावर नि कडेला, पुरुष दारात उभे, आणि उशिरा आलेले गॅलरीत खिडकीच्या गजांना धरून. गच्चीवर एकजण अँटेना फिरवणार, खिडकीतून दुसरा ओरडणार, ‘आलं, आलं... गेलं! थोडं मागे घे!’ ज्यांचा टीव्ही त्यांच्या घरी त्या दिवशी कुणी जेवायला बसू शकत नसे. काही घरांनी दार लोटून घ्यायला सुरुवात केली आणि त्यावरून झालेली भांडणं वर्षानुवर्षं पुरली. काहींनी लहान मुलांकडून दहा-वीस पैसे घेतले. संचासाठी टपाल कचेरीत जाऊन परवाना काढावा लागे आणि दरवर्षी त्याचं नूतनीकरण. रेडिओसारखंच. तो जाच पुढे गेला.

त्या एका पडद्यावर दिसायचं तरी काय? सगळ्यांना सगळंच दिसायचं, हीच गंमत. वाहिनी एक, कार्यक्रम मोजके. त्यामुळे ‘आमची माती आमची माणसं’ हा शेतकऱ्यांसाठीचा कार्यक्रम गिरगावातली पोरं इमानेइतबारे बघत. कपाशीचं बोंड कधी हातात न धरलेल्या मुलाला बोंडअळीची फवारणी पाठ. ‘कामगार विश्व’ पाहणाऱ्या आजी, ‘घरबाहेर’ ऐकणारे आजोबा. बातम्या द्यायला स्मिता पाटील, भक्ती बर्वे, अनंत भावे, पुढे प्रदीप भिडे. ‘गजरा’ आणि ‘प्रतिभा आणि प्रतिमा’. चिं. वि. जोशींच्या चिमणरावांना दिलीप प्रभावळकरांनी चेहरा दिला नि बाळ कर्व्यांचा गुंड्याभाऊ घरोघरी पोहोचला. आणि ‘ज्ञानदीप’. आकाशानंदांच्या या कार्यक्रमाचे प्रेक्षक नुसतं पाहून थांबले नाहीत, त्यांनी गावोगावी ज्ञानदीप मंडळं काढली आणि सामाजिक कामं अंगावर घेतली. दिल्लीत सरकारने जे क्लब काढले, ते इथे प्रेक्षकांनी आपणहून काढले.

सरकारी माध्यम होतं हे मात्र विसरून चालणार नाही. १ एप्रिल १९७६ ला टीव्ही आकाशवाणीपासून वेगळा होऊन ‘दूरदर्शन’ झाला तो आणीबाणीत. बातम्या म्हणजे मंत्र्यांच्या फिती आणि भाषणं. फेब्रुवारी १९७७ मध्ये दिल्लीत रामलीला मैदानावर जयप्रकाश नारायण आणि जगजीवन राम यांची सभा होती. गर्दी घरीच राहावी म्हणून त्या संध्याकाळी दूरदर्शनने ‘बॉबी’ लावला, असं तेव्हापासून सांगितलं जातं. मैदान तरीही भरलं. स्वायत्ततेची मागणी त्यानंतर जोर धरू लागली. १९७८ मध्ये बी. जी. वर्गीज समितीने तशी शिफारस केली, कायदा झाला १९९० मध्ये, आणि प्रसार भारती प्रत्यक्षात यायला १९९७ साल उजाडलं. या धिम्या चालीत दूरदर्शनचं सगळं आयुष्य आहे.

पुढचा पल्ला भरभर पडला आणि त्याला एका विदर्भवीराने जोर लावला. वसंत साठे माहिती व नभोवाणी मंत्री होते. रंगीत टीव्हीचा त्यांनी आग्रह धरला, तेव्हा ‘आधी पाणी द्या’ म्हणणारे पुष्कळ होते. दिल्लीत आशियाई खेळ व्हायचे होते, तेवढं निमित्त पुरलं. १५ ऑगस्ट १९८२ ला रंग आला आणि त्याबरोबर दिल्लीहून सर्व केंद्रांवर एकाच वेळी दिसणारा ‘राष्ट्रीय कार्यक्रम’ही. १९८४ मध्ये तर काही महिने जवळजवळ रोज एक लघुप्रक्षेपण केंद्र सुरू होत होतं. परभणी-चंद्रपूरच्या बाजूचा माणूस अखेर टीव्ही पाहू लागला, पण त्याने पाहिला तो मुख्यतः दिल्लीचा हिंदी टीव्ही. मुंबईची मराठी संध्याकाळही राष्ट्रीय कार्यक्रमाच्या वेळेपुरती आक्रसली. टीव्ही महाराष्ट्रभर पसरला तेव्हाच मराठीच्या हातून रात्रीची मोक्याची वेळ गेली, ही गोष्ट फारशी कुणी बोलत नाही.

साठे मेक्सिकोला गेले होते, तिथे मालिकांमधून कुटुंबनियोजनाचा प्रचार होताना त्यांनी पाहिला. त्यातून ७ जुलै १९८४ ला ‘हम लोग’ आली. मनोहर श्याम जोशींनी लिहिलेली, आणि शेवटी अशोक कुमार येऊन दोन शब्द सांगणार. सुरुवातीला उपदेश जास्त झाला, लोक कंटाळले. मग उपदेश बाजूला ठेवला आणि बडकी-छुटकीची सुखदुःखं पुढे आली, तशी मालिका उचलली गेली. प्रायोजक होते मॅगीवाले. प्रबोधनासाठी आणलेल्या घोड्यावर नूडल्स बसून आले, आणि घोडं त्यांच्याच ठाण्यावर कायमचं बांधलं गेलं. २५ जानेवारी १९८७ ला ‘रामायण’ सुरू झालं तेव्हा रविवारी सकाळी रस्ते ओस पडत, लोक आंघोळ करून संचाला हार घालून बसत. इतकी माणसं एकाच वेळी एकच चित्र पाहत बसण्याचा तो कळस. त्यापुढे माणसं पांगायलाच लागली.

पांगण्याची सुरुवात मुंबईतच झाली. उंच इमारतींत कुणीतरी व्हीसीआर लावून तार फ्लॅटोफ्लॅटी ओढायचा. १९९१ च्या आखाती युद्धात लोकांनी मोठ्या हॉटेलांत बातम्या थेट पाहिल्या नि या तारवाल्यांनी गच्च्यांवर डिश चढवल्या. २ ऑक्टोबर १९९२ ला झी टीव्ही सुरू झाला, मुंबई केंद्राला वीस वर्षं झाली त्याच दिवशी. देशातून उपग्रहाकडे प्रक्षेपण करायला खाजगी कंपनीला परवानगी नव्हती, म्हणून कॅसेटी विमानाने हाँगकाँगला जात, तिथून वर आणि वरून पुन्हा आपल्या चाळीत. १९९५ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने क्रिकेट प्रक्षेपणाच्या खटल्यात प्रक्षेपणाच्या रेडिओलहरी ही सार्वजनिक मालमत्ता असल्याचं सांगितलं. निकालपत्र लिहिणाऱ्यांत न्यायमूर्ती पी. बी. सावंत होते. लहरी सरकारच्या एकट्याच्या नाहीत, तशाच बाजाराच्याही नाहीत, असा त्याचा दुधारी अर्थ. पहिली धार सगळ्यांनी वापरली.

१९९९ मध्ये अल्फा मराठी आली, आजची झी मराठी. ‘आभाळमाया’ने मराठी बाईचं नोकरी-संसाराचं जगणं गंभीरपणे मांडलं. जवळजवळ दोन दशकांनी रात्रीची वेळ मराठीला परत मिळाली आणि लवकरच तिथे रोजच्या मालिकांची साखळी लागली. मधल्या काळात टीआरपीचं मोजमाप सुरू झालं होतं, पण पेट्या शहरांतच. मोजणीपुरतं खेडं नव्हतंच. ज्या खेड्यासाठी म्हणून कोंबडीची जाळी आकाशाकडे वळवली होती, त्याला देशाच्या टीव्हीने जवळजवळ पंधरा वर्षं मोजलंच नाही. मालिकांतल्या दिवाणखान्यांना जिने का फुटले, याचं अर्धं उत्तर इथे आहे.

ग्रामीण भागाचे आकडे ‘बार्क’ या प्रेक्षक मोजणाऱ्या संस्थेने पहिल्यांदा जाहीर केले ते ऑक्टोबर २०१५ मध्ये. यादी उलटीपालटी झाली. महिन्याचं भाडं न घेणाऱ्या दूरदर्शनच्या फ्री डिशवरून दिसणाऱ्या वाहिन्या अचानक वर आल्या, आणि मग मोठ्या कंपन्यांनी आपल्या जुन्या मालिका तिकडे चालवायला काढल्या. गळीत हंगामात साखर कारखान्याच्या रस्त्याने जाताना ऊसतोड मजुरांच्या पालांवर ही डिश हमखास दिसते. दोन फुटांची, बांबूला तारेने आवळलेली. रात्री त्या एका पालासमोर आठ-दहा पालांतली माणसं बसलेली असतात, पोरं पुढे, बायका कडेला. तिथे बटणाची पेटी नसते.