पॅरा-सायकलिंग: शब्द एक, सायकली चार

‘पॅरा’ म्हणजे पॅरालिसिस, असा आपल्याकडे पक्का समज आहे. २०२४ साली पॅरिसच्या पॅरालिम्पिकमध्ये भंडारा जिल्ह्यातली ज्योती गडेरिया आणि आंध्रचा अर्शद शेख हे भारताचे पहिले सायकलपटू म्हणून उतरले, तेव्हा ‘पॅरा-सायकलपटू’ हा शब्द मराठी बातम्यांतून बराच फिरला. दोघांनीही पाय गमावलेला आहे, अर्धांगवायू कुणालाच नाही. तरी शब्दाचा खुलासा करण्याची गरज फारशी कुणाला वाटली नाही.

गैरसमज अगदीच निराधार म्हणता येणार नाही. १९४८ साली इंग्लंडमधल्या स्टोक मँडेव्हिल रुग्णालयात डॉ. लुडविग गुटमन यांनी पाठीच्या कण्याला इजा झालेल्या रुग्णांच्या स्पर्धा भरवल्या. कमरेखालचं शरीर लुळं पडणं म्हणजे पॅराप्लेजिया. त्याची ऑलिम्पिकशी सांगड घालून ‘पॅरालिम्पिक’ शब्द झाला. पुढे अंध आले, हातपाय गमावलेले आले, सेरेब्रल पाल्सी असलेले आले आणि जुना अर्थ तोकडा पडला. आता ‘पॅरा’ हा ग्रीक शब्द मानतात. अर्थ, शेजारी किंवा बरोबरीने. ऑलिम्पिकच्या जोडीने चालणारी स्पर्धा ती पॅरालिम्पिक. (पॅराशूटमधला पॅरा मात्र वेगळ्या घराण्यातला. तो ‘पासून वाचवणारा’ या अर्थाचा. स्पेलिंग सारखं म्हणून नातं जोडू नये.)

तेव्हा पॅरा-सायकलिंग हे आजाराचं नाव नाही आणि एखाद्या यंत्राचंही नाही. ते स्पर्धेच्या एका व्यवस्थेचं नाव आहे. शरीरात कायमस्वरूपी, मोजता येण्याजोगी मर्यादा हवी, तपासणी होऊन वर्ग मिळालेला हवा आणि शर्यत त्या वर्गाच्या नियमांनी व्हायला हवी. हे नियम २००७ पासून आंतरराष्ट्रीय सायकलिंग महासंघाकडे आहेत, म्हणजे टूर द फ्रान्सच्या सायकलींचे नियम ठरवणाऱ्या संस्थेकडेच. जयपूर फूट लावून रोज नाशिकजवळच्या सातपूरच्या कारखान्यात सायकलने जाणारा माणूस पॅरा-सायकलपटू नाही. तो सायकलस्वार आहे, आणि त्याला तेवढंच म्हणावं.

दिव्यांग प्रमाणपत्राशीही याची गल्लत होते. २०१६ च्या कायद्यात दिव्यांगत्वाचे २१ प्रकार आहेत आणि बहुतेक सवलतींसाठी ४० टक्क्यांची अट असते. पॅरा-सायकलिंगचा वर्ग त्या टक्क्यावरून ठरत नाही. केवळ कर्णबधिर असलेल्याला इथे वर्गच नाही. त्यांची डेफलिम्पिक वेगळी. ७० टक्क्यांचं प्रमाणपत्र असलेला आणि ४५ टक्क्यांचं असलेला, हे दोघे एकाच वर्गात येऊ शकतात. तपासणारे विचारतात ते एवढंच, की सायकल चालवताना नेमकं काय अडतं? आधी टेबलावर स्नायूंची ताकद, सांध्यांची हालचाल आणि समतोल तपासतात, मग खेळाडूला प्रत्यक्ष चालवताना पाहतात.

वर्गाच्या नावातलं अक्षर सायकलचा प्रकार सांगतं. सी म्हणजे नेहमीची दोनचाकी, टी म्हणजे तीनचाकी, एच म्हणजे हाताने चालवायची आणि बी म्हणजे अंध खेळाडूंची दोघांनी चालवायची टँडेम. सी-१ ते सी-५, टी-१ व टी-२, एच-१ ते एच-५. आकडा जितका लहान तितकी मर्यादा जास्त. लाकडी ट्रॅकवर फक्त सी आणि बी धावतात, रस्त्यावर चारही. व्हीलचेअरची शर्यत यात येत नाही. तिच्यात चेन नाही, क्रँक म्हणजे पायडलचा दांडा नाही, चाकाच्या कडेला हाताने रेटा द्यायचा असतो. तो अॅथलेटिक्समधला खेळ झाला.

सी वर्गातले बदल वरवर पाहता किरकोळ असतात. गुडघा पुरता वाकत नसेल तर त्या बाजूचा क्रँक आखूड करतात. १७० मिलिमीटरचा १४० केला की पायडल वरच्या टोकाला ३० मिलिमीटर कमी चढतं आणि गुडघ्याला तेवढं कमी वाकावं लागतं. एकाच हाताने ब्रेक लावायचा असेल तर एका खटक्यावरून दोन्ही ब्रेकच्या तारा ओढतात. तारांचा ताण जुळला नाही तर पुढचा ब्रेक आधी पकडतो आणि स्वार हँडलवरून पुढे जातो. म्हणून मागचा ब्रेक किंचित आधी लागेल असं जुळवून ठेवतात. एका पायाने चालवणाऱ्याची अडचण आणखी वेगळी. दोन पायांच्या सायकलवर खाली जाणारा पाय दुसऱ्या पायाला वर उचलतो. एकच पाय असेल तर शरीराच्या साधारण एक षष्ठांश वजनाचा तो पाय प्रत्येक फेऱ्यात स्वतःच वर ओढावा लागतो. बूट पायडलला खिळवणारी क्लीट नसेल तर हे जमतच नाही.

तीनचाकीचं संकट वळणावर येतं. दोनचाकी आत कलते, तीनचाकी कलू शकत नाही. चाकांमधलं अर्धं अंतर ३५ सेंटिमीटर आणि गुरुत्वमध्य जमिनीपासून ९५ सेंटिमीटर धरला, तर १० मीटर त्रिज्येच्या वळणावर ताशी सुमारे २२ किलोमीटरला आतलं चाक उचललं जातं. पुढे एकच चाक असल्याने प्रत्यक्षात त्याआधीच. म्हणून हे खेळाडू धड वळणाच्या आतल्या बाजूला झोकून देतात.

टँडेमवर पुढे डोळस पायलट, मागे अंध खेळाडू. पदक दोघांनाही मिळतं. दोघांचे क्रँक बहुधा डाव्या बाजूच्या एका चेनने जोडलेले असतात. ही चेन सैल पडून एक दात जरी सरकली तरी दोघांची लय बिघडते. ब्रेकचा हिशोब तर धडकी भरवणारा आहे. दोघे आणि सायकल मिळून १६० किलो धरले आणि इगतपुरीकडून कसाऱ्याकडे साधारण ३०० मीटर उतरले, तर सुमारे ४७० किलोज्यूल ऊर्जा कुठे तरी जिरवावी लागते. एवढ्यात जवळजवळ दीड लिटर पाणी उकळीला येईल. बरीचशी हवा खाते, उरलेली ब्रेक खातात. चाकाच्या कडेवर घासणारे ब्रेक सलग दाबून धरले तर कड तापून ट्यूब फुटते.

आता हँडसायकल. या चौघींत यंत्र म्हणून तीच सर्वांत सुंदर. गंमत म्हणजे हाताने फिरवायच्या मुठींनाही आपण पायडलच म्हणतो. त्या शब्दात मराठीने पाय असा घट्ट रोवून ठेवला आहे.

सीबीएस म्हणजे मध्यवर्ती बसस्थानकाजवळ किंवा रामकुंडावर हाताने चालवायच्या तीनचाकी गाड्या नाशिककरांच्या पाहण्यातल्या आहेत. शर्यतीची हँडसायकल त्यांची लांबची नातेवाईक. एच-१ ते एच-४ मध्ये खेळाडू जवळजवळ पाठीवर आडवा असतो, पाय पुढे आणि क्रँक छातीसमोर. एच-५ मध्ये तो गुडघ्यांवर बसून धडाचं वजनही वापरतो. फॉर्म्युला वनचा माजी चालक अॅलेक्स झानार्डी याने दोन्ही पाय गमावल्यावर २०१२ आणि २०१६ मध्ये मिळून चार सुवर्णपदकं जिंकली ती याच बैठकीत.

नीट पाहिलं की एक विचित्र गोष्ट दिसते. सायकलचे पायडल एकमेकांच्या विरुद्ध दिशेला असतात, एक वर तर एक खाली. हँडसायकलच्या मुठी मात्र शेजारी शेजारी, एकाच वेळी पुढे जाऊन एकाच वेळी मागे येतात. असं का?

कारण इथे क्रँक पुढच्या चाकाच्या फोर्कवर, म्हणजे चाक धरणाऱ्या आणि त्याच्याबरोबर वळणाऱ्या दुपाखी दांड्यावर बसवलेला आहे. ज्या मुठी फिरवायच्या त्यांनीच वळवायचं. दोन मुठींत ४० सेंटिमीटर अंतर आहे असं समजा, म्हणजे सुकाणूच्या मध्यरेषेपासून प्रत्येक हात २० सेंटिमीटरवर. मुठी सायकलसारख्या विरुद्ध बसवल्या तर उजवा हात १०० न्यूटनने ढकलत असताना डावा १०० न्यूटनने ओढत असेल. दोन्ही हात चाकाला एकाच बाजूला, डावीकडे, पिळतात. हा पीळ ४० न्यूटन-मीटर होतो, म्हणजे २० सेंटिमीटर लांब पान्याच्या टोकाला २० किलोचं पोतं टांगल्यासारखा. अर्ध्या फेऱ्याने तो उलटतो. मिनिटाला ८० फेरे मारले तर चाक मिनिटात १६० वेळा डावी-उजवीकडे हिसके खाणार. सरळ जायचं तर ते हिसके थोपवायलाच बरीच ताकद जाईल. मुठी समांतर केल्या की उजव्या हाताचा पीळ आणि डाव्या हाताचा पीळ विरुद्ध दिशांचे होऊन एकमेकांना खातात. उरतो तो फक्त पुढे नेणारा जोर. नेहमीच्या सायकलला हा प्रश्न पडत नाही, कारण तिचा क्रँक फ्रेमवर असतो, हँडलवर नाही.

पण फुकट काहीच मिळत नाही. मुठी समांतर झाल्यावर दोन्ही हात एकदम ढकलतात, मग एकदम ओढतात. हे दोन झटके क्वचितच सारखे असतात, आणि त्यांच्या मधे, वरच्या आणि खालच्या टोकाला, दोन्ही हात एकाच वेळी मृतबिंदूत सापडतात. तिथे जोर जवळजवळ शून्य. सपाटीवर हे कळतही नाही. ९० किलोचा स्वार सायकलसकट ताशी ३० किलोमीटरने जात असेल तर त्याच्यापाशी सुमारे ३,१०० ज्यूल गतिज ऊर्जा असते. मृतबिंदूत पाव सेकंदात ३० ज्यूल गेले तर शेकडा एक गेला. त्र्यंबकच्या पुढे घाटाला लागल्यावर आठ टक्के चढावर वेग ताशी ६ किलोमीटरवर आला की शिल्लक उरते १२५ ज्यूल. वेग पाचपट कमी झाला आणि ऊर्जा पंचवीसपट. तेच ३० ज्यूल आता चौथा हिस्सा होतात. गाडी प्रत्येक फेऱ्यात थबकते, पुन्हा निघते. उपाय हात घट्ट करण्यात नाही, गिअर हलका करण्यात आहे. फेरे वाढले की मृतबिंदूतला वेळ आखडतो.

याच झटक्यांतून दुसरी अडचण निघते. शर्यतीच्या बहुतेक हँडसायकली पुढच्या चाकाने ओढल्या जातात आणि चढावर वजन मागे सरकतं. पुढच्या चाकावर एकूण वजनाचा तिसरा हिस्सा आहे असं धरू. ओल्या खडीवर घर्षणाचा गुणांक ०.३ धरला, तर चाकाची पकड वजनाच्या एक दशांशाइतकी. आठ टक्के चढाला, रस्त्याचा विरोध धरून, लागणारा सरासरी जोर ०.०९. सरासरी पाहिली तर भागतं. पण जोर सरासरीने येत नाही, झटक्याने येतो, आणि झटक्याचं टोक सरासरीच्या दीडपट धरलं तरी ०.१३५ होतं. चाक जागच्या जागी फिरतं. कोरड्या डांबरावर गुणांक ०.७ च्या आसपास असल्याने तोच चढ सहज जातो. पावसाळ्यात खडी उखडलेल्या रस्त्यावर हँडसायकल अडली तर खेळाडूच्या दंडाला दोष देण्याआधी हा भागाकार करून पाहावा.

एच-१, एच-२ मध्ये बोटंही मिटत नसतील तर हात मुठीला पट्ट्याने बांधतात. मग ब्रेकसाठी हात सोडता येत नाही. ब्रेक आणि गिअरचे खटके मनगटाने किंवा कोपराने दाबता येतील अशा जागी बसवावे लागतात.

मर्यादा इतक्या वेगवेगळ्या असताना निकाल कसा लावायचा? काही शर्यतींत शेजारचे वर्ग एकत्र धावतात, जसे सी-१ ते सी-३. तिथे घड्याळातल्या वेळेला वर्गाच्या गुणकाने गुणतात. समजा, उदाहरणापुरतं, एका वर्गाचा गुणक १ आणि जास्त मर्यादा असलेल्याचा ०.९५. पहिला ४० सेकंदांत आला, दुसरा ४१.५ मध्ये. दुसऱ्याची हिशोबी वेळ ३९.४३ सेकंद, म्हणून तोच पुढे. टीव्हीवर आधी आलेला हरलेला दिसतो आणि प्रेक्षक चिडतात. गुणाकार पडद्यावर दाखवला तर चिडणार नाहीत.

अशा बातम्यांखाली एक वाक्य हमखास येतं: देव एक अवयव नेतो तेव्हा दुसऱ्यात दुप्पट बळ घालतो. असं काही होत नाही. गेलेल्या पायाची ताकद उरलेल्या पायात उतरत नाही. ती रोजच्या सरावाने, खाण्याने आणि विश्रांतीने कमवावी लागते, दोन पायांच्या माणसासारखीच. गेल्या जन्मीच्या पापाची गोष्ट सांगणारे आणि ‘दैवी शक्ती’चे मथळे देणारे, दोघेही खेळाडूच्या सरावाच्या वहीत डोकावत नाहीत.

नाशिकच्या रस्त्यावर हँडसायकल आणायची तर पहिली वस्तू झेंडा. आडव्या स्वाराचं डोकं ट्रॅक्टरच्या मोठ्या चाकापेक्षा खाली असतं आणि द्राक्षांच्या हंगामात दिंडोरी, पिंपळगावच्या बाजूला ट्रॅक्टर-ट्रॉल्यांची रांग असते. मागे लवचीक काठीवर, गाडीचालकाच्या नजरेच्या उंचीला भडक झेंडा हवाच. दुसरं, गतिरोधक. आसन जमिनीपासून वीतभरच उंच असेल तर उंच गतिरोधकावर पोट घासतं; तिरकं चढवलं तर गाडी एका बाजूला कलते. वेग अगदी कमी करून सरळच चढवावं.

तिसरी गोष्ट एप्रिल-मेची. कण्याला छातीच्या वरच्या भागात किंवा मानेत इजा असेल तर इजेच्या खाली घाम नीट येत नाही आणि नाडीही पुरेशी वाढत नाही. पाणी कितीही प्यालं तरी त्वचेवर बाष्पीभवन व्हायला ओल लागते, ती बाहेरून द्यावी लागते. झाडांवर पाणी फवारायची साधी बाटली घ्यावी आणि दर दहा-पंधरा मिनिटांनी मान, दंड आणि मांड्यांवर फवारावं. मांड्यांना गारवा जाणवणार नाही, पण तिथलं रक्त थंड होऊन वर येतंच.