लाल भोपळा (कोकणातील लागवड)

लाल भोपळा हा काकडी, दोडका, पडवळ यांच्या कुलातील, जमिनीवर दूरवर पसरणारा वर्षायू वेल असून तो मूळचा अमेरिका खंडातील आहे. तांबडा भोपळा, काशीफळ, डांगर ही त्याची अन्य नावे. कोकणात तो बहुधा परसात, उकिरड्याच्या कडेला किंवा गोठ्याच्या छपरावर चढवलेला आढळतो, आणि शेणखताची ओढ असलेल्या या वेलाला ती जागा मानवतेही.

किनारपट्टीची उष्णता त्याला सहसा बाधत नाही. खरी अडचण पावसाची आणि दमट हवेची असते. नर व मादी फुले एकाच वेलावर पण वेगवेगळी येतात, पहाटे उमलतात आणि दुपारपूर्वी मिटतात. त्या थोड्या तासांत पावसाची झड लागली, तर पराग भिजतात, मधमाश्या बाहेर पडत नाहीत आणि मादी फुलामागची कोवळी गाठ पिवळी पडून गळते. घरातील माणसे याला वेल ‘वांझ’ निघाला म्हणतात, तेव्हा दोष बहुधा वेलाचा नसून हवेचा असतो. यावर सकाळी उघडीप पाहून नर फुलाचे केसर मादी फुलाच्या कुक्षीवर (पराग स्वीकारणाऱ्या मधल्या टोकावर) हलकेच टेकवणे हा सोपा उपाय आहे. प्रखर उन्हाळ्यात मात्र नर फुलांचेच प्रमाण वाढते.

वर्षाला सुमारे २,५०० ते ३,५०० मिमी पाऊस पडणाऱ्या या प्रदेशात पावसाळी वेलासाठी भातखाचर टाळून निचऱ्याची वरकस (डोंगरउताराची) जमीन निवडतात आणि आळे खोलगट न ठेवता उंचवट्यावर करतात. भातकापणीनंतर पाण्याची सोय असल्यास खाचरातही उन्हाळी पीक घेता येते. त्या काळात फुलांना पावसाचा उपद्रव नसतो.

रोपाची कोवळी पाने तांबडे भुंगेरे कुरतडतात, म्हणून पहाटेच्या दवावर राख धुरळण्याची जुनी रीत आहे. फळमाशी कोवळ्या फळाच्या सालीत अंडी घालते. अशी फळे वेचून नष्ट करावी लागतात. दमटपणामुळे पानांवर केवडा व भुरी हे रोग येतात. वाढत्या फळाखाली पेंढा किंवा झावळी सरकवली, तर ओल्या मातीने ते कुजत नाही.

साल नखाने टोचेनाशी झाली आणि देठ वाळू लागला की फळ देठासकट कापतात. देठ तुटलेल्या फळात कुजण्याची सुरुवात तेथूनच होते, म्हणून ते घारग्यांसाठी आधी वापरतात. बाकीची फळे माळ्यावर हवेशीर, एकमेकांना न टेकता ठेवल्यास काही महिने टिकतात.