रोजंदारी, ‘उमादेवी’ आणि मंजूर पद

महापालिकेचा किंवा वनखात्याचा रोजंदारी मजूर ‘मला कायम करा’ म्हणून औद्योगिक न्यायालयात गेला, की समोरच्या वकिलाची दोन हत्यारे ठरलेली असतात: सर्वोच्च न्यायालयाचा २००६ चा उमादेवी निकाल आणि मंजूर पद, म्हणजे सरकारने अधिकृतपणे मान्य केलेली जागा. दोन्हींची गोष्ट त्या निकालाच्या बरीच आधी सुरू होते.

महाराष्ट्रातील सार्वजनिक बांधकाम आणि पाटबंधारे खात्यांतील मजुरांसाठी १९६७ मध्ये कालेलकर करार झाला. सलग पाच वर्षे राबलेल्या रोजंदाराला रूपांतरित अस्थायी आस्थापनेवर, म्हणजे रोजंदारीतून नियमित वेतनाच्या यादीवर, घेण्याची वाट त्याने उघडली. पण ती ठरावीक खात्यांपुरतीच. बाकीच्यांना खरा आधार मिळाला तो कामगार संघटनांना मान्यता देण्याच्या आणि अनुचित प्रथा रोखण्याच्या १९७१ च्या राज्य कायद्याचा. तो ८ सप्टेंबर १९७५ पासून लागू झाला. कायमपणाचे लाभ मिळू नयेत या हेतूने कामगाराला वर्षानुवर्षे बदली (दुसऱ्याच्या जागी काम करणारा), नैमित्तिक किंवा तात्पुरता ठेवणे ही त्याच्या चौथ्या अनुसूचीतील सहाव्या बाबीनुसार अनुचित प्रथा ठरते. शिवाय सरकारने वाद न्यायालयाकडे सोपवण्याची वाट पाहावी लागत नाही. तक्रार थेट दाखल करता येते.

अडचण ‘हेतू’ या शब्दाची होती. मालकाच्या मनातले मजुराने सिद्ध करायचे कसे? पुण्याजवळच्या पाचगाव-पर्वती वनयोजनेवरील मजुरांच्या प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने १९९५ मध्ये याचे उत्तर दिले. वनीकरण हा उद्योगच नाही, हा सरकारचा बचाव टिकला नाही. माणसे पाच-सहा वर्षे सतत कामावर ठेवली, यातूनच हेतू दिसतो, असे न्यायालयाने मानले.

मग १० एप्रिल २००६ रोजी सर्वोच्च न्यायालयाच्या पाच न्यायाधीशांच्या घटनापीठाचा, कर्नाटकातल्या प्रकरणावरचा ‘उमादेवी’ निकाल आला. जाहिरात नाही, स्पर्धा नाही आणि तरीही मागच्या दाराने आलेल्याला कायम केले, तर बाहेर रांगेत उभ्या असलेल्या बेरोजगाराच्या समान संधीचे काय, हा त्यातला प्रश्न. म्हणून अशांना कायम होण्याचा हक्क नाही, असे न्यायालयाने ठरवले. प्रश्न खोटा नाही, तो झटकून टाकू नये. निकालाने अपवादही ठेवला होता: नेमणूक बेकायदा नव्हे तर केवळ अनियमित (प्रक्रियेत त्रुटी राहिलेली) असावी, पद मंजूर व रिक्त असावे, माणूस पात्र असावा आणि न्यायालयाच्या आदेशाचा आसरा न घेता त्याने दहा वर्षे काम केलेले असावे. अशांना एकवेळची बाब म्हणून नियमित करा, आणि ती प्रक्रिया सहा महिन्यांत सुरू करा, असे सरकारांना सांगितले होते. पुढे मात्र नकार तेवढा सर्वत्र उद्धृत झाला आणि हा भाग मागे पडला. मला यात मोठा अन्याय वाटतो.

महाराष्ट्रापुरता तोल सावरला तो २००९ मध्ये, एसटीच्या बसगाड्या साफ करणाऱ्या कामगारांच्या खटल्यात. ‘उमादेवी’ने उच्च न्यायालयांच्या घटनात्मक अधिकारांना मर्यादा घातली, १९७१ च्या कायद्याने औद्योगिक न्यायालयाला दिलेले अधिकार त्यामुळे जात नाहीत, असे सर्वोच्च न्यायालयाने स्पष्ट केले. अनुचित प्रथा सिद्ध झाली आणि पद अस्तित्वात असले, तर कायम करण्याचा आदेश देता येतो.

‘पद असले तर’. कृषी विद्यापीठांतील शेतमजुरांच्या प्रकरणात २००१ मध्ये दावा फसला तो इथेच. पदे मंजूर करणारे सरकार आणि पदच नाही म्हणून हात वर करणारेही सरकारच. काम रोजचे, मस्टरवर सही रोजची, आकृतिबंधात (मंजूर पदांच्या यादीत) मात्र त्या कामाला जागा नाही.

अलीकडे सर्वोच्च न्यायालयाचा सूर बदलला आहे. केंद्रीय जल आयोगाच्या कार्यालयात वर्षानुवर्षे राबलेल्या सफाई कामगारांना आणि एका माळ्याला डिसेंबर २०२४ मध्ये नियमित करण्याचा आदेश झाला. ‘उमादेवी’ निकाल कामगारांविरुद्ध शस्त्रासारखा वापरला जातो, अशी खंतही व्यक्त झाली. ऑगस्ट २०२५ मध्ये उत्तर प्रदेशातील उच्च शिक्षण सेवा आयोगाच्या रोजंदारांच्या प्रकरणात न्यायालय त्याही पुढे गेले. पैसा नाही म्हणून तिथल्या सरकारने पदे नाकारली होती. न्यायालयाने अधिसंख्य (मंजूर संख्येबाहेरची जादा) पदे निर्माण करायला लावली.