कुरांडाचे वर्षावन: कोआला, बूमरँग आणि बदक-गाडी इथे कशी आली

ऑस्ट्रेलियाच्या क्वीन्सलंड राज्यात केर्न्स शहरामागे डोंगर सरळ उभा राहतो, आणि त्याच्या माथ्यावर सुमारे 330 मीटर उंचीवर कुरांडा हे गाव आहे. गावापासून काही मिनिटांच्या अंतरावर ‘रेनफॉरेस्टेशन’ नावाचे सुमारे 40 हेक्टरचे निसर्गउद्यान आहे. इथे येणारा पर्यटक एका दिवसात पाण्यावर तरंगणाऱ्या लष्करी गाडीतून जंगल बघतो, कोआलाबरोबर फोटो काढतो, मगर बघतो, बूमरँग फेकतो, डिजरिडू हे वाद्य ऐकतो आणि पामागिरी या आदिवासी कलाकारांचे नृत्य पाहतो. संध्याकाळी त्याच्या मनात या सगळ्याचे मिळून ‘वर्षावन’ असे एकच चित्र तयार होते. खरे तर यातली काही मंडळी या जंगलाची मूळची, काही बाहेरून आणलेली, आणि काही युद्ध, रेल्वे आणि कायद्यांनी इथे पोचवलेली. कोण कुठून आले हे ठाऊक असले तर त्याच तिकिटात बरेच जास्त पाहायला मिळते.

जंगल सर्वांत जुने, म्हणून सुरुवात तिथून. क्वीन्सलंडचा हा ओला उष्ण कटिबंध गोंडवन महाखंडावरच्या अरण्याचा उरलेला तुकडा आहे. ऑस्ट्रेलियाचे बहुतेक अंतरंग कोरडे पडत गेले, तेव्हा समुद्राकडून येणारे ढग अडवणाऱ्या या डोंगररांगेवर ते टिकून राहिले. फुले येणाऱ्या वनस्पतींची जी कुळे अगदी आदिम मानली जातात, त्यातली अनेक इथे आजही जिवंत आहेत. सह्याद्रीशी याचे एक खरे नाते आहे. इथे ज्याला ‘रेड सीडर’ म्हणतात तो वृक्ष म्हणजे आपल्याकडचा तून, आणि इथल्या वाटांवर कपड्यांना अडकणारा काटेरी वेल आपल्या वेताच्याच कुळातला.

या जंगलात राहणारे लोक स्वतःला बामा म्हणवतात. कुरांडा आणि बॅरन नदीचा परिसर जाबुगाय लोकांचा, किनारा आणि दक्षिण भाग यिदिन्जींचा, ॲथर्टन पठारावर नगाजन, उत्तरेला डेन्ट्री आणि मॉसमनकडे कुकू यलंजी. ऑस्ट्रेलियन आदिवासी म्हटले की लाल माळरान, भाला आणि कांगारू असे चित्र डोळ्यांपुढे येते. बामांचे जगणे त्याहून फार वेगळे होते. सततच्या पावसात त्यांनी वाकवलेल्या वेताच्या सांगाड्यावर पाने शाकारून घुमटाकार झोपड्या बांधल्या. युद्धासाठी ढाल केली ती वडा-उंबराच्या जातीच्या प्रचंड झाडांच्या आधारमुळांपासून. जमिनीलगत फळ्यांसारख्या पसरणाऱ्या या मुळांतून हवी तेवढी रुंद, हलकी लाकडी पाटी सलग कापून निघते. तिच्यावर लाल-पिवळी माती, पांढरी शाडू आणि कोळसा यांनी नक्षी रंगवत. सोबत कठीण लाकडाची लांब तलवार असे. गटागटांतले तंटे मिटवण्यासाठी मेळावे भरत आणि तिथे ठरलेल्या नियमांनी द्वंद्वे होत.

खरी बुद्धी दिसते ती अन्नात. या जंगलातल्या अनेक पौष्टिक बिया विषारी आहेत. ‘ब्लॅक बीन’च्या मोठ्या, चेस्टनटसारख्या बिया कच्च्या खाल्ल्या तर उलट्या आणि जुलाब सुरू होतात. बामांची रीत अशी: बिया आधी जमिनीतल्या भट्टीत तापलेल्या दगडांवर पानांनी झाकून वाफवायच्या, सोलायच्या, शंखाच्या धारेने अगदी पातळ काप करायचे, आणि ते काप वेताच्या टोपलीत भरून वाहत्या ओढ्यात काही दिवस ठेवायचे. पाण्याबरोबर विष निघून जाते आणि उरतो तो पिठूळ गर. काप जाड राहिले तर आतले विष निघत नाही, आणि साचलेल्या पाण्यात ठेवले तर ते जागच्या जागी राहते. म्हणून धार बारीक हवी आणि ओढा वाहता हवा. या कामाची टोपली तळाशी दोन शिंगांसारखी टोके असलेली असते आणि असा आकार जगात क्वचितच आढळतो. मार्गदर्शकाने ही टोपली दाखवली तर तिथे थांबावे. उद्यानात दिसणाऱ्या वस्तूंपैकी या जंगलाची सर्वांत अस्सल खूण तीच.

पठारावरच्या नगाजन लोकांच्या परंपरेत बॅरीन, ईचम आणि यूरामू ही तळी जमीन फाटून, आकाश लाल होऊन कशी झाली याची कथा आहे. ही तळी ज्वालामुखीची विवरे आहेत आणि शेवटचे स्फोट 10,000 वर्षांपूर्वीच्या आसपासचे मानले जातात. कथा सांगते की त्या वेळी तिथे दाट जंगल नव्हते, उघडे रान होते. तळ्यांच्या गाळातले पराग तपासल्यावर तेच दिसून आले. इतक्या पिढ्या तोंडी चालत आलेली नोंद विज्ञानाने खरी ठरवली, अशी उदाहरणे जगात फार थोडी आहेत.

बाहेरची माणसे आली ती 1870 च्या दशकात. आधी तुनाचे लाकूड तोडणारे, मग सोने आणि कथील शोधणारे. 1882 च्या पावसाळ्यात हर्बर्टनच्या कथील खाणींकडे जाणारा रस्ता चिखलात बुडाला, वस्तीवर उपासमारीची वेळ आली, आणि किनाऱ्यापासून रेल्वे हवी ही मागणी जोर धरू लागली. मे 1886 मध्ये काम सुरू झाले. कंत्राटदार जॉन रॉब याच्याकडे सर्वांत अवघड टप्पा होता. केर्न्सपासून घाट चढून जाणारा हा मार्ग हातोडे, पहारी आणि सुरुंगाने कोरला गेला. 15 बोगदे आणि डझनावारी पूल बांधले गेले, आणि एके काळी सुमारे 1,500 मजूर कामावर होते. पावसात दरडी कोसळत आणि केलेले काम वाहून जाई. जून 1891 मध्ये गाडी कुरांडापर्यंत पोचली. आज तोच मार्ग ‘कुरांडा सीनिक रेल्वे’ म्हणून चालतो. घाटात बांधकाम चालू असताना जाबुगाय लोकांना आपल्या वाटा, पाणी आणि शिकार सोडावी लागली. विरोध झाला तिथे बंदुका चालल्या आणि माणसे मारली गेली. रेल्वेच्या चकचकीत माहितीपत्रकात हा भाग क्वचितच येतो.

रेल्वे आली आणि पर्यटकही आले. बॅरन धबधबा तेव्हापासूनच प्रसिद्ध. इथे अनेकांची निराशा होते, म्हणून कारण सांगतो. 1935 मध्ये या घळईत डोंगराच्या पोटात जलविद्युत केंद्र सुरू झाले आणि नदीचे पाणी त्याकडे वळवले गेले. पुढे 1963 मध्ये नवे, मोठे केंद्र आले. त्यामुळे कोरड्या महिन्यांत काळ्या कातळावरून पाण्याच्या बारीक धारा उतरताना दिसतात. पोस्टकार्डावरचा गर्जणारा धबधबा हवा असेल तर डिसेंबर ते एप्रिल हा पावसाळा गाठावा लागतो, आणि मग रस्ते बंद पडण्याची आणि चक्रीवादळाची जोखीमही पत्करावी लागते. डिसेंबर 2023 मध्ये ‘जॅस्पर’ वादळानंतरच्या पावसाने बॅरन नदीला विक्रमी पूर आला आणि कुरांडा रेल्वे कित्येक महिने बंद राहिली. पहिल्यांदा जाणाऱ्याने मे ते सप्टेंबर निवडावा, आणि धबधबा बारीक दिसेल हे गृहीत धरावे.

नृत्याच्या कार्यक्रमामागचा इतिहास मात्र फार वेदनेचा आहे. 1897 मध्ये क्वीन्सलंडने आदिवासींच्या ‘संरक्षणा’चा कायदा केला. या कायद्याने त्यांनी कुठे राहावे, कुठे काम करावे, कोणाशी लग्न करावे हे ठरवण्याचा हक्क सरकारी अधिकाऱ्यांकडे गेला. 1913 मध्ये कुरांडाजवळ सेव्हन्थ-डे ॲडव्हेंटिस्ट पंथाचे ‘मोना मोना’ मिशन सुरू झाले. वेगवेगळ्या गटांची माणसे तिथे आणली गेली, मुलांना आईबापांपासून वेगळे वसतिगृहात ठेवले गेले, आणि त्यांची भाषा आणि विधी मोडून काढायचा प्रयत्न झाला. मिशन 1962 मध्ये बंद झाले. त्या जागी धरण होणार होते, ते कधीच झाले नाही. म्हणजे जो नाच आज प्रेक्षकांसमोर होतो, तो करणाऱ्यांच्या आजी-आजोबांना त्याच गोष्टींसाठी शिक्षा झाली होती. प्रेक्षागृहात बसताना एवढे लक्षात असावे.

बदक-गाडी आली ती दुसऱ्या महायुद्धातून. 1943 ते 1945 या काळात न्यू गिनीच्या मोहिमांसाठी ऑस्ट्रेलियन सैन्याच्या तुकड्यांनी ॲथर्टन पठारावर आणि केर्न्सच्या किनाऱ्यावर सराव केला. जमिनीवर आणि पाण्यात चालणारी सहाचाकी गाडी अमेरिकेत बनत होती. तिच्या सांकेतिक अक्षरांवरून सैनिकांनी तिला ‘डक’, म्हणजे बदक, हे नाव दिले. जनरल मोटर्सच्या अडीच टनी ट्रकवर नावेचा पत्रा चढवून सुमारे 21,000 गाड्या तयार झाल्या. सहाही चाकांना इंजिनाची ताकद मिळते, पाण्यात मागचा पंखा गाडी ढकलतो आणि आत शिरणारे पाणी पंप बाहेर टाकतात. चालकाला बसल्या जागेवरून चाकांतली हवा कमी-जास्त करता येते, त्यामुळे ती मऊ वाळूतही रुतत नाही. युद्ध संपल्यावर अशा अनेक गाड्या स्वस्तात विकल्या गेल्या आणि त्यातल्या काही पर्यटनाच्या कामी आल्या. चिखलाच्या वाटेवरून उतरून तळ्यात शिरणारी ही सफर जवळपास पाऊण तासाची असते. उजवी-डावी बाजू फारशी महत्त्वाची नाही, पण पुढे बसले की मार्गदर्शकाचे बोलणे इंजिनाच्या आवाजात हरवत नाही.

मगरींचे उद्यान हाही युद्धानंतरच्या काळाचाच धागा. 1945 नंतर कातड्यासाठी खाऱ्या पाण्यातल्या मगरींची बेसुमार शिकार झाली. क्वीन्सलंडने 1974 मध्ये त्यांना संरक्षण दिले, त्यांची संख्या वाढली, आणि माणसांच्या वस्तीजवळ धोकादायक ठरलेल्या मगरी पकडून बंदिस्त जागी ठेवणे सुरू झाले. प्राणिउद्यानांतल्या मोठ्या नर मगरींपैकी अनेकींचा पूर्वेतिहास असा असतो.

कोआला मात्र वर्षावनाचा प्राणी नव्हेच. तो निलगिरीच्या मोकळ्या रानांत राहतो आणि त्याच झाडांची पाने खातो, त्यामुळे उद्यानांना त्याच्यासाठी निलगिरीची ताजी पाने रोज पुरवावी लागतात. न्यू साउथ वेल्समध्ये कोआला हातात घेण्यावर बंदी आहे. क्वीन्सलंडमध्ये परवानगी आहे, पण प्रत्येक कोआलासाठी दिवसाची वेळ आणि विश्रांतीचे दिवस नियमाने ठरलेले आहेत. म्हणून फोटोची वेळ चुकली तर पुन्हा मिळत नाही. सकाळीच नोंदणी करावी. फेब्रुवारी 2022 पासून क्वीन्सलंडमधला कोआला ‘संकटग्रस्त’ यादीत आहे, आणि त्याला हाताळण्याविषयीचे मतही बदलत चालले आहे. ब्रिस्बेनच्या ‘लोन पाइन’ अभयारण्याने 2024 मध्ये ही प्रथा बंद केली. माझे मत विचाराल तर कोआलापेक्षा कॅसोवरीच्या कुंपणापाशी जास्त वेळ द्यावा. हा उंच, उडू न शकणारा पक्षी या जंगलाचा खरा माळी आहे. तो फळे अख्खी गिळतो आणि मोठ्या बिया दूर नेऊन टाकतो. काही झाडांच्या बिया इतक्या मोठ्या असतात की त्या वाहून नेणारा दुसरा प्राणी इथे क्वचितच आहे. अंडी नर उबवतो, सुमारे 50 दिवस, आणि पिल्लेही तोच सांभाळतो. रानात समोर आला तर पळू नये. पिशवी किंवा झाड मध्ये ठेवत, त्याच्याकडे तोंड ठेवून सावकाश मागे सरावे. खायला देणे कायद्याने गुन्हा आहे, कारण खाऊची सवय लागलेले पक्षी रस्त्यावर येतात आणि गाड्यांखाली मरतात.

बूमरँग आणि डिजरिडूबद्दल थोडे वेगळे. डिजरिडू उत्तरेकडच्या आर्नहेम लँडचे वाद्य. वाळवीने पोखरलेल्या निलगिरीच्या खोडाचे. वर्षावनातल्या लोकांकडे ते नव्हते. विसाव्या शतकात ते सगळ्याच आदिवासींचे सांस्कृतिक चिन्ह झाले. दाट झाडीत परत येणारे बूमरँग फारसे उपयोगी नाही, हेही उघडच आहे. या किनाऱ्याचे स्वतःचे म्हणायचे तर फुलीच्या आकाराचे दोन पट्ट्यांचे खेळणे होते. तरी फेकून पाहण्यात मजा आहे. बहुतेकांचे चुकते ते एकाच कारणाने: ते तबकडीसारखे आडवे फेकतात, मग ते वर चढते आणि जोरात खाली कोसळते. बूमरँग जवळपास उभे धरावे, किंचित बाहेर कललेले. वाऱ्याकडे तोंड करून, उजव्या हाताने फेकणार असाल तर सुमारे 45 अंश उजवीकडे वळावे, आणि सुटताना मनगटाला झटका द्यावा. फिरकी नसेल तर ते परत येत नाही.

पर्यटनाने नृत्याला रंगमंच दिला 1987 मध्ये. कुरांडात डॉन आणि जूडी फ्रीमन हे अमेरिकन रंगकर्मी दांपत्य, डेव्हिड आणि सिंडी हडसन, आणि स्थानिक जाबुगाय कुटुंबे यांनी मिळून ‘जापुकाय नृत्यनाट्यगृह’ उभारले. भाषा बोलणारे थोडेच वृद्ध उरलेले असताना या गटाने गाणी आणि शब्द पुन्हा तरुणांच्या तोंडी आणले, आणि हीच त्याची मोठी कामगिरी. 1996 मध्ये ते केर्न्सजवळ, नव्या ‘स्कायरेल’ रज्जुमार्गाच्या पायथ्याशी हलले. 7.5 किलोमीटरचा हा मार्ग 1995 मध्ये सुरू झाला. जंगलातले मनोरे हेलिकॉप्टरने उभारले, म्हणजे त्यासाठी रस्ता तोडावा लागला नाही. परदेशी पर्यटक थांबले तेव्हा 2021 च्या सुरुवातीला जापुकाय बंद झाले. कुरांडाच्या उद्यानातल्या पामागिरी कलाकारांचे काम त्यामुळे अधिक मोलाचे झाले आहे.

कायदाही वळत गेला, पण सावकाश. 1980 च्या दशकात डेन्ट्रीतल्या रस्त्याविरुद्ध आंदोलन झाले, आणि 1988 मध्ये हा प्रदेश जागतिक वारसा ठरला, तोही केवळ निसर्गाच्या निकषांवर. इथल्या माणसांच्या वारशाला राष्ट्रीय यादीत स्थान मिळायला 2012 उजाडावे लागले. दरम्यान, आदिवासींचा जमिनीवरचा मूळ हक्क मान्य करणाऱ्या 1992 च्या माबो निकालानंतरच्या कायद्यानुसार डिसेंबर 2004 मध्ये बॅरन घळईच्या राष्ट्रीय उद्यानावर जाबुगाय लोकांचा मूळ हक्क मान्य झाला. सप्टेंबर 2021 मध्ये डेन्ट्रीसह 1,60,000 हेक्टरहून अधिक जमीन पूर्व कुकू यलंजी लोकांना परत मिळाली. राष्ट्रीय उद्यानांचा कारभार ते आता राज्य सरकारबरोबर चालवतात.

म्हणून कुरांडाच्या दिवसाला दुसरा एक दिवस जोडता आला तर मॉसमन घळईला जावे. तिथले केंद्र 2012 मध्ये उघडले. त्याआधी दर दिवशी शेकडो गाड्या आदिवासी वस्तीच्या मधून घळईपर्यंत जात. आता गाडी केंद्रावर ठेवून बस घ्यावी लागते. कुकू यलंजी मार्गदर्शकाबरोबरच्या फेरीची सुरुवात धुरीच्या विधीने होते, त्या वेळी कॅमेरा खाली ठेवावा किंवा आधी विचारून घ्यावे. वाटेवर हृदयाकृती, लवदार पानांच्या ‘जिम्पी’ झाडाला हात लावू नये. त्याचे काचेसारखे केस त्वचेत रुततात आणि दुखणे आठवडे-महिने टिकते. चुकून लागले तर चोळू नये, पाण्याने धुऊही नये. चिकटपट्टीने किंवा मेणाच्या पट्टीने केस ओढून काढावेत आणि डॉक्टरांकडे जावे. नदीत उतरायचे असेल तर आधी पाण्याची पातळी विचारावी. डोंगरात पाऊस झाला तर खाली स्वच्छ ऊन असतानाही ती अचानक चढते.