धुंदीचं गवत, दिल्लीची खुर्ची अन् कोलंबो: बापूजी अण्यांची मागची गोष्ट

आमच्या गावच्या अभ्यासिकेत एमपीएससीचे पोट्टे बसतात, त्यांच्या गाईडमध्ये बापूजी अणे एका ओळीत संपतात. "जंगल सत्याग्रह, पुसद, 10 जुलै 1930", त्यावर पिवळा हायलायटर, अन् खाली लगेच दुसरा प्रश्न. परवा भाचा विचारत होता, मामा, हे अणे सिलोनमध्ये (म्हणजे आताची श्रीलंका) काय करत होते? कुठंतरी वाचलं त्यानं अन् त्याले वाटलं छपाईची चूक आहे. चूक नाही बावा. वणीचा वकील माणूस, इंग्रजांच्या जेलात जाऊन आला, मग त्याच इंग्रजांच्या व्हाइसरॉयच्या कौन्सिलात बसला, तिथं राजीनामा फेकला अन् त्याच वर्षी त्याच सरकारचा प्रतिनिधी म्हणून कोलंबोला गेला. आता हे एका ओळीत कसं बसवायचं?

जन्म वणीचाच, 29 ऑगस्ट 1880. तेव्हा यवतमाळ नावाचा जिल्हाच नव्हता, सरकारी कागदावर 'वूण' जिल्हा होता, म्हणजे आपली वणीच, यवतमाळ हे नाव 1905 मध्ये लागलं. वऱ्हाड नावापुरतं निजामाचं अन् कारभार सगळा इंग्रजाचा. नागपूरच्या मॉरिस कॉलेजात शिकले, काही वर्षं अमरावतीले मास्तरकी केली, मग यवतमाळले वकिली. माधव श्रीहरी अणे हे पूर्ण नाव, लोकं म्हणायचे बापूजी, पुढं लोकनायक.

माणूस टिळकांचा, अन् पुढचं सगळं समजायचं असेल तर हे पक्कं ध्यानात ठेवा. टिळकांची प्रतियोगी सहकारिता म्हणजे सरकार जेवढं देते तेवढं पदरात पाडून घ्या, त्या जागेवर बसा अन् तिथूनच भांडा. गांधीजींनी कौन्सिलं म्हणजे कायदेमंडळं सोडा म्हटल्यावर जयकर, केळकर, मुंजे अन् अणे या मंडळींना ते पचलं नाही. मले तर हा वकिलाचाच स्वभाव वाटते. न्यायाधीश विरोधातला आहे म्हणून वकील कोर्टात जाणं सोडत नाही ना. 1928 मध्ये मोतीलाल नेहरूंच्या कमिटीनं घटनेचा मसुदा केला त्यात अणे होते, सुभाषबाबू अन् तेजबहादूर सप्रूंच्या सोबत.

तरी 1930 आलं तसे बापूजी गांधीजींच्या हाकेले उभे राहिलेच. आता आपल्याकडे ना समुद्र ना मिठागर, मीठ काढाले जाता कुठं? पण जंगल होतं, अन् त्या जंगलातलं गवत कापाले सरकारची परवानगी लागायची, ढोरं चाराले फी लागायची. ज्याच्या घरी दोन बैल बांधलेले त्याले हा कायदा रोज सकाळी टोचत होता. म्हणून पुसदजवळ धुंदीच्या जंगलात विळा घेऊन बापूजी गेले, गवत कापलं, अटक झाली अन् जेल झाली. वकिलानं कायदा तोडला, तोही गवताचा. 1933 मध्ये तर ते काँग्रेसचे काळजीवाहू अध्यक्ष होते, अन् सामुदायिक कायदेभंग थांबवल्याची घोषणा त्यांच्याच नावानं निघाली. वर्षभरात जातीय निवाड्यावरून, म्हणजे इंग्रजांनी धर्म-जातीप्रमाणे मतदारसंघ वाटले त्यावरून, काँग्रेसशी बिनसलं अन् मालवीयांसोबत वेगळा पक्ष काढला.

आता 1941. महायुद्ध पेटलेलं, लिनलिथगो व्हाइसरॉय. त्यानं आपलं कार्यकारी कौन्सिल, म्हणजे मंत्रिमंडळासारखं मंडळ, वाढवलं अन् पहिल्यांदाच त्यात गोऱ्यांपेक्षा हिंदी लोक जास्त झाले. गृह अन् अर्थ खातं मात्र गोऱ्यांकडंच, तिजोरी अन् पोलीस कोण सोडते! बापूजींकडे परदेशातल्या भारतीयांचं खातं आलं. दिसायले किरकोळ खातं, पण 1942 मध्ये जपान्यांनी ब्रह्मदेश घेतला अन् लाखो भारतीय डोंगर तुडवत पायी आसामकडे निघाले, रस्त्यातच मेलेही कितीतरी, गोऱ्यांना वेगळी वाट अन् काळ्यांना वेगळी अशी बोंब उठली, ते सगळं याच खात्याच्या टेबलावर येऊन पडलं.

अन् मग 'चले जाव'मधलं चिमूर. आमच्या वणीहून वरोऱ्यावरून गेलं तर अंतर ते काय! 16 ऑगस्ट 1942, नागपंचमी. मोर्चा, गोळीबार, मग चिडलेल्या जमावानं चार सरकारी माणसं मारली, अन् नंतर फौज घुसली तेव्हा गावातल्या बायांवर जे अत्याचार झाले ते चिमुरात अजून बोलल्या जाते. सेवाग्रामचे प्राध्यापक भन्साळी नोव्हेंबरात थेट दिल्लीले अण्यांच्या घरी पोचले, म्हणे तुम्ही तिकडचेच आहात, चिमूरले चला, चौकशी लावा. बापूजी गेले नाहीत. भन्साळींनी तिथंच उपास धरला तर पोलिसांनी उचलून परत धाडलं, मग इकडे तो उपास चालू राहिला तो 12 जानेवारी 1943 पर्यंत, 63 दिवस.

नंतर गांधीजींनी आगाखान पॅलेसमध्ये कैदेत असताना 10 फेब्रुवारीले 21 दिवसांचा उपास सुरू केला, सरकार सोडाले तयार नाही, तेव्हा अणे, होमी मोदी अन् नलिनीरंजन सरकार या तिघांनी कौन्सिलचा राजीनामा दिला. गांधीजींसाठी दिला, चिमूरसाठी का नाही? आतून भांडत राहिलं तर काही निघेल असं वाटलं असेल, वकिलाले तसं वाटतेच, पण मले विचाराल तर तिथं बापूजी चुकले. घरातली आग आधी पाहावी लागते.

ऑगस्ट 1943 मध्ये सिलोन. भाच्याले हेच कोडं होतं, पण पाहा, खातं गेलं तरी विषय तोच राहिला. तिथल्या चहाच्या मळ्यात लाखो तमिळ मजूर, पिढ्या गेल्या तरी परकेच, मतदानाले हजार अटी. हिंदुस्थान तेव्हा स्वतंत्र नव्हता, पदाचं नावही साधंच, भारत सरकारचा प्रतिनिधी. 1947 पर्यंत ते तिथं होते, त्यांच्या मागून व्ही. व्ही. गिरी गेले ते हायकमिशनर म्हणून. मजुरांचं भांडण काही मिटलं नाही, 1948 मध्ये सिलोननं कायदाच असा केला की बहुतेक जण कुठल्याच देशाचे राहिले नाहीत.

मग बिहारचं राज्यपालपद 1952 पर्यंत. एवढं झाल्यावर दुसरा कोणी घरी खाटेवर बसला असता. हा माणूस ऐंशीच्या पार जाऊन 1962 मध्ये नागपुरातून अपक्ष लोकसभेत गेला, वेगळ्या विदर्भाच्या मुद्द्यावर. नातू श्रीहरी अण्यांनी 2016 मध्ये वेगळा विदर्भ अन् वेगळा मराठवाडा या बोलण्यावरून महाधिवक्तापद सोडलं, ते तर आपण सगळ्यांनी टीव्हीवर पाहिलं.

बापूजी 26 जानेवारी 1968 ले गेले. टिळकांवर त्यांनी संस्कृतात मोठं काव्य लिहून ठेवलं होतं, 'श्रीतिलकयशोर्णवः', त्याले 1973 मध्ये साहित्य अकादमीचा पुरस्कार मिळाला. भाच्याले हे सांगितलं तर त्यानं गाईडच्या त्या ओळीपुढं पेनानं 'सिलोन, 1943' लिहून घेतलं अन् पान उलटलं.