ल मेझरर, जॉन

ल मेझरर, जॉन : (५ एप्रिल १९१२ – १५ नोव्हेंबर १९८३). ब्रिटिश विनोदी चित्रपट व दूरचित्रवाणी मालिकांतील नामवंत चरित्र अभिनेते. जन्म इंग्लंडमधील बेडफर्ड येथे. मूळ आडनाव हॅलिली. ल मेझरर हे आईचे माहेरचे आडनाव. आईचे घराणे चॅनेल बेटांपैकी ऑल्डर्नीचे. हे आडनाव त्यांनी रंगभूमीवर १९३७ च्या सुमारास लावले असावे.

शेरबोर्न येथे शालेय शिक्षण झाल्यावर त्यांनी काही काळ वकिलाच्या कचेरीत उमेदवारी केली. ती सोडून १९३३ मध्ये त्यांनी लंडनमधील फे कॉम्प्टन यांच्या नाट्यशाळेत प्रवेश घेतला. पुढे नामवंत झालेले अभिनेते ॲलेक गिनेस तेथे त्यांचे सहाध्यायी होते. पुढे अनेक फिरत्या नाटकमंडळ्यांतून कामे केली. दुसऱ्या महायुद्धात ते रणगाडा दलात अधिकारी झाले. त्यांची नेमणूक हिंदुस्थानात झाली आणि युद्ध संपेपर्यंत ते तेथेच होते. त्यांनी कॅप्टनचा हुद्दा गाठला, ही बाब पुढील विवेचनासाठी ध्यानात ठेवावी.

१९४८ पासून त्यांनी शंभराहून अधिक चित्रपटांत कामे केली. गोंधळलेला सरकारी अधिकारी, वैतागलेला डॉक्टर, न्यायाधीश अशा त्या भूमिका बहुधा एकदोन प्रसंगांच्याच असत. ‘प्रायव्हेट्स प्रोग्रेस’ (१९५६) व ‘आय ॲम ऑल राइट जॅक’ (१९५९) हे त्यांपैकी उल्लेखनीय. विनोदी नट टोनी हॅनकॉक यांच्या मालिकेतही ते वारंवार दिसत.

‘डॅड्स आर्मी’ (१९६८–७७, ८० भाग) या बीबीसी मालिकेतील सार्जंट विल्सन ही त्यांची सर्वांत गाजलेली भूमिका. बँकेचा व्यवस्थापक मॅनरिंग (आर्थर लो) हा होम गार्डच्या (दुसऱ्या महायुद्धातील ब्रिटिश स्वयंसेवी संरक्षक दलाच्या) तुकडीचा कॅप्टन, तर त्याच्याच बँकेतला मुख्य कारकून विल्सन हा त्याचा सार्जंट. विल्सन उच्चकुलीन, मॅनरिंग स्वकष्टाने वर आलेला. वर्ग आणि हुद्दा यांच्या या उलटापालटीवर मालिकेचा विनोद उभा आहे. रूढ पद्धतीने पाहता ल मेझरर यांना कॅप्टन व लो यांना सार्जंट नेमले गेले असते. ही अदलाबदल साधणाऱ्या पात्रनिवडीचे श्रेय कोणाचे, याविषयी मतभेद आहेत. काही जण ते लेखक जिमी पेरी व डेव्हिड क्रॉफ्ट यांना देतात. परंतु ल मेझरर यांचे नाव बीबीसीच्या विनोदी विभागाचे प्रमुख मायकेल मिल्स यांनी सुचवले, हे मत अधिक ग्राह्य वाटते. प्रत्यक्ष युद्धात ल मेझरर कॅप्टन होते आणि लो सार्जंट-मेजर. अखेरच्या भागात (१३ नोव्हेंबर १९७७) विल्सन पहिल्या महायुद्धातला आपला कॅप्टनचा गणवेश चढवून येतो, तेव्हा मॅनरिंगचा चेहरा पाहण्याजोगा होतो.

ही भूमिका आपण स्वतःच्या स्वभावावरूनच बेतली, असे ते सांगत. गणवेशाच्या बाहीचे एखादे बटण ते मुद्दाम उघडे ठेवीत; जवानांना रांगेत उभे राहण्याचा हुकूम ते पाहुण्याला चहा विचारावा तितक्या हळुवारपणे देत. लो यांच्या तडफदार त्राग्याला त्यामुळे धार येई. असा आधार देणारा नट टीकाकारांच्या नजरेतून सहज निसटतो. ल मेझरर यांच्यावर तो अन्याय झालाच.

गंभीर भूमिकांची संधी त्यांना क्वचितच मिळाली. डेनिस पॉटर यांच्या ‘ट्रेटर’ (१९७१) या दूरचित्रवाणी नाटकात त्यांनी मॉस्कोत दारूच्या आहारी गेलेला ब्रिटिश फितूर हेर रंगवला आणि १९७२ चा बाफ्टा (ब्रिटिश चित्रपट व दूरचित्रवाणी अकादमीचा) पुरस्कार मिळवला. विल्सनचाच अर्धवट हसू आणि थकलेले डोळे असलेला चेहरा तेथे कमालीचा दुःखी दिसतो.

‘बॉड’ या बालमालिकेचे निवेदनही त्यांचेच. अभिनेत्री हॅटी जॅक्स या त्यांच्या द्वितीय पत्नी (१९४९–६५).

रॅम्सगेट येथे त्यांचे निधन झाले. आपण ‘आटोपलो’ असल्याची सूचना त्यांनी वृत्तपत्रासाठी आधीच तयार करून ठेवली होती. ‘अ जॉबिंग ॲक्टर’ हे त्यांचे आत्मचरित्र १९८४ मध्ये मरणोत्तर प्रसिद्ध झाले. रॅम्सगेटच्या सेंट जॉर्ज चर्चच्या आवारातील त्यांच्या स्मृतिशिळेवर नावाखाली ‘लाडका नट. विश्रांती घेत आहे’ अशा अर्थाचा मजकूर आहे. इंग्रजी रंगभूमीच्या बोलीत सध्या काम नसलेला नट ‘विश्रांती घेत आहे’ असेच म्हणतात.