माशी कुठे शिंकते?

जत्रेत फुगे फोडण्याच्या स्टॉलवर छऱ्याची बंदूक हातात घेतली आहे का कधी? घेतली असेल तर हा अनुभव नक्की आला असेल. एक डोळा मिटून, श्वास रोखून लाल फुग्यावर नेम धरायचा, चाप ओढायचा आणि छरा टणकन शेजारच्या पत्र्यावर. मग मागे उभा असलेला एखादा अनुभवी पोरगा पुढे सरसावतो. "ही डावीकडं मारते. लाल फोडायचाय ना? मग त्याच्या उजवीकडच्या पिवळ्यावर धर." त्याचं ऐकलं की लाल फुटतो.

नळीच्या टोकाशी वरच्या बाजूला जो बारीकसा उंचवटा असतो, त्याला आपल्याकडे माशी म्हणतात. मागच्या खाचेतून माशी दिसायला हवी आणि माशीच्या डोक्यावर लक्ष्य टेकायला हवं. त्यामुळे नेम चुकला की माशी कुठे शिंकली हे विचारणं बंदुकीच्या बाबतीत अगदी शब्दशः बरोबर ठरतं. जत्रेतल्या बंदुकीची माशी किंचित वाकलेली असते. ती सरळ करायच्या भानगडीत कुणी पडत नाही, त्या पोराने फक्त तिची चूक पाठ केलेली असते.

स्पर्धेच्या किंवा लष्करी रायफलवर हे चालत नाही. तिथे नळी आणि नेम यांचं आधी जुळवून घ्यावं लागतं. या कामाची पहिली पायरी म्हणजे बोअरसायटिंग. बोअर म्हणजे नळीची आतली पोकळी. ती नेमकी कुठे बघते आहे ते शोधायचं आणि वरची साइट (म्हणजे खाच आणि माशी) किंवा दुर्बीण त्या हिशेबाने वळवायची. ऐकायला हे सोपं वाटतं. पण गोळी या दोघींपैकी एकीच्याही रेषेवरून जात नाही, आणि इथून गोष्ट मजेदार होते.

नेमाची रेषा सरळ असते, कारण प्रकाश सरळ जातो. नळीच्या पोकळीतून पुढे वाढवलेली काल्पनिक रेषाही सरळच. गोळी मात्र नळीतून बाहेर पडल्याच्या क्षणापासून त्या रेषेच्या खाली पडू लागते. सोळाव्या शतकात इटलीतल्या निकोलो तार्ताल्याने मांडलं की तोफगोळ्याच्या वाटेचा एकही तुकडा पूर्ण सरळ नसतो. गॅलिलिओने १६३८ साली ती वाट अन्वस्त, म्हणजे पॅराबोला, असते हे छापून प्रसिद्ध केलं. हवेच्या विरोधामुळे खऱ्या गोळीची वाट अन्वस्तापेक्षा थोडी जास्त झुकते, पण आपल्या कामाला गॅलिलिओ पुरेसा आहे.

एक हिशेब करून बघू. गोळी सेकंदाला सुमारे ८०० मीटर वेगाने सुटते असं धरा. १०० मीटर जायला तिला साधारण ०.१३ सेकंद लागतात आणि तेवढ्या वेळात ती जवळपास ८ सेंटिमीटर खाली येते. त्यात दुर्बीण नळीच्या वर बसवलेली असते, मध्यापासून मध्यापर्यंत मोजलं तर साधारण ५ सेंटिमीटर. म्हणजे गोळी नेमाच्या ५ सेंटिमीटर खालून निघते आणि वाटेत आणखी ८ खाली घसरते. १०० मीटरवर ती नेमाच्या बिंदूवर पोहोचायची असेल तर तेवढ्या अंतरात नळीच्या रेषेने दुर्बिणीच्या तुलनेत १३ सेंटिमीटर चढायला हवं. याचा कोन काढला तर येतो एका अंशाचा तेरावा-चौदावा हिस्सा. पौर्णिमेच्या चंद्राची रुंदी आकाशात जेवढी दिसते, तिच्या साधारण सातव्या भागाइतका. डोळ्यांनी रायफलकडे कितीही निरखून पाहिलं तरी नळी दुर्बिणीच्या मानाने वर बघते आहे हे कळणार नाही.

या मांडणीत गोळी नेमाची रेषा दोनदा ओलांडते. खालून चढताना साठेक मीटरवर एकदा, आणि उतरताना १०० मीटरवर दुसऱ्यांदा. मधल्या टप्प्यात ती नेमाच्या वर असते, पण जेमतेम तीन मिलिमीटर. रायफल 'शंभरला झीरो केली' असं नेमबाज म्हणतात तेव्हा त्यांना हा दुसरा छेद अभिप्रेत असतो.

आता नळी कुठे बघते हे शोधायचं कसं? सगळ्यात जुना मार्ग फुकटचा आहे. ज्या रायफलचा बोल्ट, म्हणजे नळीचं मागचं तोंड बंद करणारा दांडा, मागून पूर्ण काढता येतो, तिच्यात आधी काडतूस नाही याची खात्री करायची, बोल्ट काढायचा आणि रायफल वाळूच्या पिशव्यांवर पक्की टेकवायची. मग मागच्या बाजूने नळीतून थेट बघायचं. पलीकडचं तोंड एका लख्ख गोल चकतीसारखं दिसतं. त्या चकतीच्या बरोबर मध्ये लांबची एखादी खूण आणायची आणि रायफलला धक्काही न लावता दुर्बिणीचे स्क्रू फिरवून तिच्या आत दिसणारी फुली त्याच खुणेवर आणायची. डोळ्याला गोलाचा मध्य फार चांगला कळतो, त्यामुळे एवढ्यावरही पहिली गोळी कागदाच्या टार्गेटवर कुठेतरी लागते. आकाशदर्शन करणाऱ्यांना हे ओळखीचं वाटेल. मोठ्या दुर्बिणीच्या पाठीवरची छोटी शोधक दुर्बीण दिवसाउजेडी लांबच्या टॉवरच्या टोकावर धरून जुळवून घेतात, ते हेच काम. फक्त ताऱ्याकडून येणारा प्रकाश खाली पडत नाही, म्हणून त्यांचा हिशेब तिथेच संपतो.

तोफखान्यात याच युक्तीची जुनी आवृत्ती होती. तोफेच्या तोंडाच्या कडेवर चार खुणा कोरलेल्या असत. त्यांवरून दोन दोरे आडवे-उभे ताणून ग्रीसने चिकटवायचे, म्हणजे तोंडावर फुली तयार. मग मागून, काडतुसावर ठोका देणाऱ्या आघात-पिनच्या छिद्रातून बघत ती फुली दूरच्या खुणेवर आणायची. दोन दोरे आणि बोटभर ग्रीस! मला विज्ञानातली अशी गावठी उपकरणं महागड्यांपेक्षा जास्त आवडतात.

पण प्रत्येक बंदुकीच्या मागून बघता येत नाही. अनेक रायफलींचा मागचा भाग बंद असतो. तिथे लेझर येतो. काही लेझर काडतुसाच्याच आकाराचे असतात आणि काडतूस बसतं त्या कक्षेत बसतात. काही नळीच्या तोंडात खोचायचे असतात, तर काही तोंडाला चुंबकाने चिकटतात. दूरच्या भिंतीवर ठिपका पडतो आणि नळी कुठे बघते आहे ते दिसतं. लाल ठिपक्यापेक्षा हिरवा जास्त ठळक दिसतो, कारण उजेडात आपला डोळा ५५५ नॅनोमीटरच्या आसपासच्या पिवळट हिरव्या रंगाला सर्वांत संवेदनशील असतो. लेझरऐवजी कोलिमेटरही वापरतात. त्यात नळीच्या तोंडापुढे एक भिंग आणि त्यामागे बारीक चौकटींची जाळी असते. भिंगामुळे जाळी जणू अनंत अंतरावर असल्यासारखी दिसते, त्यामुळे भिंत, मैदान काहीच लागत नाही. टेबलावर बसून फुली जाळीच्या मध्यावर आणता येते.

लेझरची खरी परीक्षा त्याच्या प्रकाशात नसून त्याच्या बसण्यात आहे. समजा काडतुसाएवढा, ५ सेंटिमीटर लांबीचा लेझर कक्षेत बसवला आणि त्याच्या एका टोकाशी फक्त दशांश मिलिमीटरची फट राहिली. तो किरण नळीच्या मानाने तिरका झाला. १०० मीटरवर हा तिरकेपणा २० सेंटिमीटरची चूक बनतो. यावर उपाय मात्र झकास आहे: लेझर आपल्याच अक्षाभोवती फिरवायचा. तो तिरका असेल तर भिंतीवरचा ठिपका एका वर्तुळात फिरतो. वर्तुळ केवढंही असो, नळीची रेषा त्याच्या मध्यातून जाते. पूर्ण फेरी शक्य नसेल तर एक ठिपका खुणावायचा, लेझर अर्धा फिरवून दुसरा खुणावायचा आणि दोघांचा मध्य घ्यायचा. जमीन मोजणारे सर्वेक्षक कोन मोजायचा थिओडोलाइट उलटा करून दोनदा वाचन घेतात आणि सरासरी काढतात, ते याच कारणासाठी. उपकरण सदोष आहे हे मान्य करून त्याच्याकडून अचूक काम करवून घ्यायचं.

आणि काम झालं की लेझर काढायचा, मगच काडतुसाची पेटी उघडायची. नळीत काही अडकलेलं असताना गोळी झाडली तर आतला दाब नळी फाडू शकतो.

नवख्यांची नेहमीची चूक वेगळीच असते. घराच्या भिंतीवर, १० मीटरवर ठिपका पाडायचा आणि दुर्बिणीची फुली बरोबर त्या ठिपक्यावर आणायची. डोळ्याला समाधान वाटतं, पण वरचाच हिशेब लावून बघा. नळी आणि नेम यांच्यातलं ५ सेंटिमीटरचं अंतर १० मीटरमध्येच भरून काढायचं तर नळी बरीच वर वळवावी लागते. त्या कोनात १०० मीटरवर गोळी नेमाच्या ३७ सेंटिमीटर वर जाते. टार्गेटच्या कागदावरूनही ती निसटेल, आणि तो माणूस दुर्बिणीला शिव्या देत बसेल. हेच २५ मीटरवर केलं तर चूक ७ सेंटिमीटरवर येते. आणि अगदी नीट करायचं असेल तर २५ मीटरवर लेझरचा ठिपका फुलीच्या पावणेदोन सेंटिमीटर खाली ठेवायचा. म्हणजे दोघं जुळले तर चुकलं, आणि ठरवून थोडे बेजुळ ठेवले तर बरोबर!

अंतर निवडण्याचा हा प्रश्न दुसऱ्या महायुद्धात फार गंभीर झाला होता. १९४० साली ब्रिटनच्या आकाशात लढणाऱ्या हरिकेन आणि स्पिटफायर विमानांच्या पंखांत आठ-आठ मशीनगन होत्या. वैमानिकाचा नेम मधोमध आणि बंदुका दोन्ही बाजूंना. सगळ्यांचा मारा एकत्र कुठे यावा? आधी हे अंतर ४०० यार्डांच्या आसपास ठेवलं होतं. अनुभवी वैमानिकांनी ते २५० यार्डांवर आणायला लावलं. म्हणजे शत्रूच्या जास्त जवळ जावं लागणार होतं, पण गोळ्या विखुरण्याऐवजी एका ठिकाणी लागणार होत्या.

इतकं सगळं जुळवूनही बोअरसायटिंगला झीरोइंग म्हणत नाहीत. कारण लेझर नळीची तपासणी करतो ती स्वस्थ पडलेली असताना. गोळी सुटते ती थरथरणाऱ्या नळीतून. काडतुसातली दारू पेटल्यावर गोळी नळीतून बाहेर पडेपर्यंत जेमतेम एक-दोन मिलिसेकंद जातात. तेवढ्यात स्फोटाच्या दाबाने नळी तारेसारखी कंप पावते आणि धक्क्याने रायफल मागे, थोडी वर जाऊ लागते. गोळी बाहेर पडताना नळीचं तोंड नेमकं कुठे होतं, हे लेझरला कळायचा मार्ग नाही. काडतूस बदललं की वेग बदलतो, बाहेर पडण्याचा क्षण बदलतो आणि कागदावरची जागाही बदलते. म्हणून शेवटी तीन-चार गोळ्या मारायच्या, त्यांच्या घोळक्याचा मध्य काढायचा आणि तेवढे क्लिक, म्हणजे दुर्बिणीच्या स्क्रूचे बारीक टप्पे, द्यायचे. मिलिरेडियन या कोनाच्या एककात मोजणाऱ्या दुर्बिणीवर साधारणपणे एक क्लिक म्हणजे १०० मीटरवर १ सेंटिमीटर.

रणगाड्याची नळी तर नुसती उभी असतानाही वाकते. पाच-साडेपाच मीटर लांबीचं जाड पोलाद, पण दुपारच्या उन्हात वरची बाजू तापून प्रसरण पावते आणि तोंड किंचित खाली झुकतं. एकदम पाऊस आला तर वरची बाजू आधी थंड होऊन उलटं होतं. अर्ध्या मिलिरेडियनचा वाक दोन किलोमीटरवर एक मीटर होतो. अहिल्यानगरला चिलखती दलाचं प्रशिक्षण केंद्र आहे. तिथल्या उन्हाळ्याची कल्पना असलेल्यांना ही अडचण समजावून सांगायची गरज नाही. म्हणून नळीवर उष्णतारोधक आवरण चढवतात, आणि आधुनिक रणगाड्यांत नळीच्या तोंडाशी एक छोटा आरसा बसवलेला असतो. त्यावर प्रकाशकिरण पाडून तो कुठे परततो हे बघितलं की तोंड किती सरकलं ते कळतं. पूर्वी ग्रीस आणि दोऱ्याने सकाळी एकदा करायचं काम आता लढाई चालू असतानाही करता येतं.

माणूस त्यात आला की आणखी एक गुंता होतो. १ ऑगस्ट २०२४ रोजी पॅरिस ऑलिंपिकमध्ये कोल्हापूर जिल्ह्यातल्या कांबळवाडीच्या स्वप्नील कुसाळेने ५० मीटर रायफल थ्री पोझिशन्समध्ये ४५१.४ गुणांसह कांस्य मिळवलं. या प्रकारात दुर्बीण नसते. मागे एक बारीक भोक, पुढे एक कडी आणि कडीच्या मधोमध टार्गेटचा काळा गोल. दहाच्या वर्तुळाचा व्यास १०.४ मिलिमीटर, आणि बावीस बोअरची ती संथ गोळी तिथे पोहोचेपर्यंत १२ सेंटिमीटर तरी खाली घसरलेली असते. दोन्ही साइट्समधलं अंतर ८० सेंटिमीटर धरलं, तर मागचं भोक दशांश मिलिमीटर सरकल्यावर गोळी ६ मिलिमीटर सरकते. म्हणजे दहाच्या मध्यातून गोळीचं केंद्र थेट त्या वर्तुळाच्या कडेबाहेर.

अंतिम फेरीत आधी गुडघ्यावर बसून, मग पालथं झोपून आणि शेवटी उभं राहून गोळ्या मारायच्या असतात. रायफल तीच, काडतुसं तीच, टार्गेट तेच. पण प्रत्येक वेळी दस्ता खांद्यात वेगळा बसतो, गाल वेगळ्या जागी टेकतो, धक्क्याला शरीर वेगळ्या तऱ्हेने साथ देतं, आणि गोळी काही मिलिमीटर इकडेतिकडे होते. त्यामुळे पोझिशन बदलली की साइटचे क्लिकही बदलावे लागतात. किती, ते नेमबाजाने सरावात शोधून वहीत टिपून ठेवलेलं असतं. तरीही त्या दिवसाचा वारा आणि उजेड कसा आहे ते बघायला प्रत्येक पोझिशनच्या आधी काही मिनिटं दिली जातात. त्या वेळात हव्या तितक्या गोळ्या मारा, क्लिक फिरवा, पुन्हा मारा. त्या गोळ्यांचे गुण धरत नाहीत.